न जमलेला मरून

आप्पांशी माझं शेवटचं नीट बोलणं झालं, ते एका जर्मन शास्त्रज्ञावरून. पुढच्याच आठवड्यात भावाचा फोन आला. मी कॉलेजच्या प्रयोगशाळेत होते. 'आप्पा गेले' हे ऐकल्यावर आधी मला ते बोलणं आठवलं, रडू नंतर आलं. आता काही आठवडे उलटलेत, तरी क्रम तोच आहे...

आप्पा, म्हणजे माझे वडील, भेस्तानच्या एका डाइंग मिलमध्ये कलर मास्टर होते. नमुन्याचं कापड यायचं, त्याच्या बरहुकूम रंग जमवायचा, हे त्यांचं काम. ट्यूबलाइटखाली त्यांनी कधी रंग ठरवला नाही. नमुना आणि नवा तुकडा घेऊन सकाळच्या उजेडात खिडकीशी उभे राहत, मान तिरकी करून. घरात भाजी आली तरी वांगं आधी खिडकीशी जायचं. आई म्हणायची, "वांगं रांधानं शे, पास करानं नही."

मी शाळेत असताना शेठने एक स्वस्त मरून रंग आणला. त्याच्या पाण्यात हात घातले की कारागिरांच्या हातांना फोड येतात, अशी कुजबुज होती. आप्पांना त्या रंगातून नमुन्याचा मरून काही जमेना. महिनोन्महिने तुकडे रंगवले, सगळे नापास. "मास्टर, तमारी आंख नबळी पडी गई," शेठ सगळ्यांदेखत गुजरातीत म्हणाला; नजर अधू झाली म्हणे. शेवटी त्याने नवं युनिट काढून तिथे दुसरा मास्टर बसवला. त्याला तो रंग चुटकीसरशी जमला. आप्पा जुन्या मिलमध्येच राहिले, जुन्या महाग रंगासोबत, निवृत्त होईपर्यंत. घरात आम्ही त्यांना सोडलं नाही. कोणाची पोळी करपली, कोणाचा पेपर अवघड गेला, की 'मरून झाला' म्हणायचं. आप्पाही हसायचे. नापास तुकडे वाया जाऊ नयेत म्हणून आईने ते धुऊन त्यांची गोधडी शिवली, आणि मधोमध शेठचा मूळ नमुना लावला. ती गोधडी कायम आप्पांच्या खाटेवर असायची.

यंदा नवागामच्या मराठी वाचनालयात मी व्याख्यान दिलं. विषय तो जर्मन शास्त्रज्ञ. ऐन तारुण्यात त्याने क्वांटम सिद्धांताचा पाया घातला, आणि युद्ध आलं तेव्हा देश न सोडता तो सरकारच्या अणुसंशोधनात राहिला. त्याच्या हातून बॉम्ब झाला नाही. युरेनियम किती लागेल याचा त्याचा अंदाज चुकला, असं म्हणतात. नंतर काही जण म्हणू लागले की तो जाणूनबुजून मागे राहिला. पलीकडच्यांना मात्र बॉम्ब जमला, आणि तो पडला. आप्पा पहिल्या रांगेत बसून ऐकत होते.

रविवारी भेटायला गेले तर खाटेवर बसल्या बसल्या त्यांनी विचारलं, "माय, तुले काय वाटस? तो मुद्दाम चुकना, का त्याले जमनंच नही?"

मला घाई होती. शिवाय विषय माझा, भौतिकशास्त्र मी शिकवते. मी वर्गातल्यासारखं उत्तर दिलं, तेही आमची अहिराणी सोडून, "पुरावा नाही, आप्पा. त्याला जमलं नाही, एवढंच दिसतं. हरल्यावर सगळेच म्हणतात, आम्ही मुद्दामच जमवलं नाही."

ते गोधडीची कड सारखी करत राहिले. मग म्हणाले, "हं... तू शिकेल शेस. तुले समजस." मी चहा घेऊन निघाले.

दशक्रियेला भिलाकाका आले होते. आप्पांच्या मिलमध्ये रंगाच्या टाकीवर त्यांची हयात गेली. मी न राहवून त्यांना त्या मरूनबद्दल विचारलं. नव्या युनिटातल्या पोरांच्या हातांची सालटी निघायची, हे त्यांनी सांगितलं. मग स्वतःचे तळहात पाहत म्हणाले, "आपली मिलमा तो रंग टाकीमा पडनाच नही. आप्पास्नी किरपा, का आप्पासले जमनं नही, देव जाणे."

देव जाणे हे खरं, पण देवाच्या आधी मला विचारलं गेलं होतं. आप्पांना त्या दिवशी काही सांगायचं असेल, तर त्यांच्या तोंडावर दार मी लावलं. आणि काहीच सांगायचं नसेल, तर बापाला आयुष्यभर टोचलेली गोष्ट मी निकाल दिल्यासारखी पुन्हा ऐकवली. दोन्हीकडून मीच अपराधी ठरते.

परवा गोधडी उन्हात घालायला काढली आणि वाटेत खिडकीशी थांबले. मधला नमुना आणि भोवतीचे तुकडे सकाळच्या उजेडात पहिल्यांदा नीट पाहिले. सगळे जवळपास मरून, आणि सगळे जरा पिवळ्याकडे झुकलेले. निळ्याकडे गेलेला एकही नाही. दरवर्षी मी मुलांना सांगते, हात चुकला तर माप कधी कमी येतं, कधी जास्त. सगळ्या चुका एकाच बाजूला पडल्या, तर काहीतरी तिकडे ओढतंय. उपकरणाचा दोष असेल, नाहीतर मापणाऱ्याचं मन. आप्पांचे डोळेच अधू होते का, हे आता कोणाला विचारू? त्यांनी मला स्वतःबद्दल विचारलं असेल, आणि मी भलत्याच माणसाबद्दल उत्तर देऊन मोकळी झाले.

गोधडी उन्हात घालायची राहूनच गेली. आईने हाक मारली, तेव्हा मी ती हातात धरून खिडकीशीच उभी होते, मान तिरकी करून.