आने दो

माझा आवाज बारीक आहे, असं माझ्या शत्रूनेही कधी म्हटलेलं नाही. निजामपुऱ्यातल्या माझ्या कारखान्यात, चालू यंत्रमागांच्या खडखडाटात मी शिंकलो, तर शिफ्ट सुटली समजून कारागीर डबे उचलतात.

त्या दिवशी आमच्या गल्लीत कापडाचे तागे भरलेला टेम्पो मागे येत होता. मागे बघायचं ज्याचं काम, तो क्लीनर चहाला गेलेला. मी त्या टेम्पोच्या मागेच, त्याच्याकडे पाठ करून, सज्जन नागरिकासारखा फोनवर बोलत उभा. कारखान्यातला कारागीर विचारत होता, "सेठ, आपके साले साहब आये हैं. अंदर बिठाऊँ?"

"आने दो!" मी गरजलो. "आने दो, आने दो!"

ड्रायव्हर मोठा आज्ञाधारक. आला. थेट माझ्या पावलावर.

पाय सुजून कलिंगड झाला. प्लास्टर निघाल्यावर अकलोलीच्या गरम कुंडात बुडवला, तर कुंडालाच ताप भरला. भरपाईचा दावा लावताना मी वकिलाला बजावलं, "मी सोळा आणे निर्दोष. पंधरा आणेसुद्धा चालणार नाहीत."

कोर्टात ड्रायव्हर म्हणाला, "साब, ये बोले आने दो, तो मैं आया."

"मी मेहुण्याबद्दल बोलत होतो!"

न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं. "मेहुणे टेम्पोत होते का?"

आता खरा दोषी मेहुणाच. न बोलावता टपकला नसता, तर माझा पाय शाबूत असता. पण कायद्याला नातीगोती कळत नाहीत, आणि हे मी बायकोपुढे बोललो तेव्हा दुसरा पायही धोक्यात आला.

निकाल लागला. आरशात न बघता गाडी मागे घेतली, म्हणून मुख्य दोष ड्रायव्हरचा. पण मागे येणाऱ्या गाडीकडे पाठ करून ओरडत उभं राहणं, हाही निष्काळजीपणाच. एक अष्टमांश दोष माझा, तेवढी भरपाई कापावी.

"अष्टमांश म्हणजे किती हो?" बायकोसोबत बाहेर येऊन मी वकिलाला विचारलं.

"रुपयात दोन आणे."

पायरीवर ड्रायव्हर विडी शिलगावत होता. म्हणाला, "गुस्सा काहे का, सेठ? आपने ही तो चिल्ला-चिल्ला के माँगे थे. आने दो!"

मी काठी उगारली. बायकोने ती अडवली नाही. नुसती म्हणाली, "मारा, अहो, मारा. या वेळी सोळाच्या सोळा आणे तुमचेच."