पुतळ्याचं फडकं

आमच्या घरातला मी पहिला पदवीधर, आणि ते ऋण विज्ञान शिकवणाऱ्या सुमनबाईंचं.

आता मीही विज्ञान शिकवतो. आमच्या प्रयोगशाळेच्या कोपऱ्यात मानवी शरीराचा पुतळा आहे. लाज वाटायला नको म्हणून कुणीतरी त्याच्या कमरेला फडकं बांधलंय. वारा नसतानाही ते हलल्यासारखं वाटतं. मुली त्याच्यापुढून श्वास रोखून जातात.

मध्यंतरी रेखा शाळेत येईना. तिची मैत्रीण कुजबुजली, "सर, तिनं फडक्याखाली बघितलं. दुसऱ्याच दिवशी तिला रक्त गेलं. म्हणते, त्यानं धरलंय मला."

आपण जे झाकून ठेवतो, तिथंच भूत राहायला येतं.

आज रेखाच्या आईनं तिला शाळेत आणून सोडलं. संध्याकाळी मी सुमनबाईंना लिहिलं:

"बाई, तुम्ही आमच्या वर्गात पुतळ्याचं फडकं सोडलं होतं, तसंच आज मी इथं सोडलं. पाळी म्हणजे काय, ते मुलामुलींना एकत्र बसवून सांगितलं. विचारल्याशिवाय कुणाच्या अंगाला हात लावायचा नाही, हे तुमचं वाक्यही सांगितलं. रेखा दारापाशीच उभी होती. शेवटी म्हणाली, 'म्हणजे मी मरणार नाही ना, सर?' मी 'नाही' म्हणालो. तिनं श्वास सोडला, आणि तिच्यामागोमाग सगळ्या वर्गानं."