ऐकायच्या राहिलेल्या ओळी

मुलांनो, विकास नगरात आमच्या समोरचे प्राध्यापक जन्मभर प्राचीन ग्रीक कविता अभ्यासत होते. भाजी निवडतानाही त्यांची बोटं पिशवीवर वृत्ताचा ठेका धरायची.

एकदा ते चार कागद घेऊन आले. “भाभीजी, दस मिनट सुनेंगी? घर में तो सब भाग जाते हैं.”

मी कपाट आवरत होते. कागद ठेवून जा, सवडीने वाचेन, असं मी सांगितलं.

ते हसले. “पढ़ने की नहीं, सुनने की चीज़ है. वो लोग गाते थे.” तरी कागद ठेवून गेले. मी ते नीट फाईलला लावले.

या हिवाळ्यात ते वारले. परवा फाईल उघडली. सगळं ग्रीक लिपीत आहे. मला त्यातलं एक अक्षरही वाचता येत नाही.