काकूंची पोच

उभ्या मुंबईत पोचपावतीवर आमच्या तळमजल्यावरच्या काकूंइतकं प्रेम कुणी केलं नसेल. कांजूरमार्गच्या आमच्या इमारतीत त्या गणपतीचे मोदक वाटायच्या, तरी ताटामागून वही यायची. ‘मोदक पाच, मिळाले, असा लिही. मगे खा,’ असं बजावायच्या आणि मी निमूट सही करायचो. एकदा माझे हात तुपाने माखलेले होते, तर त्यांनी अंगठा घेतला. चेष्टा केली की म्हणायच्या, ‘माणूस इसारता. कागद नाय.’

काका रिक्षा चालवायचे. ते गेले आणि मागे रिक्षा उरली, परवाना मात्र त्यांच्या नावावर. काकू पन्नाशीत रिक्षा शिकल्या, बॅज मिळवला. पण परवाना आपल्या नावावर करण्याचा त्यांचा अर्ज परिवहन कार्यालयात जो जाऊन बसला तो बसलाच. रोज सकाळी ताडपत्री काढून त्या रिक्षा पुसायच्या आणि पुन्हा झाकायच्या. बघून माझंच डोकं फिरायचं. ‘होय म्हणा, नाय म्हणा; पण काय ता सांगा,’ एवढंच मागायला त्या शेवटी कोर्टात गेल्या. कोर्टाने चार आठवड्यांत निर्णय द्यायला सांगितलं. आठवडे उलटले, निर्णय नाही. मग काकूंच्या वकीलबाईंनी कोर्टाच्या अवमानाचा अर्ज केला.

त्या सकाळी मी सोबत होतो. सरकारी वकील म्हणाले, आदेशाची प्रत कार्यालयाला मिळालेलीच नाही. आता पुन्हा तारीख. काकूंनी पिशवीतून वही काढून वकीलबाईंकडे दिली. प्रत दिली त्या दिवशीच्या पानावर कार्यालयाचा शिक्का, सही, तारीख आणि खाली काकूंच्या हट्टापायी कारकुनाने लिहिलेला एक शब्द: ‘वाचली’. न्यायमूर्तींनी ते पान दोनदा पाहिलं. ‘आज पाचपर्यंत निर्णय द्या. नाहीतर उद्या कार्यालयाच्या साहेबांनी स्वतः इथे यायचं.’

तीनपासून आम्ही कार्यालयातल्या बाकावर बसून होतो. निर्णय द्या म्हणजे होकार द्या, असं काही कोर्ट म्हणालं नव्हतं. नकार आला तर ती रिक्षा भंगारात जाणार, हे दोघांनाही ठाऊक होतं. साडेचारला काकूंनी माझं मनगट घट्ट धरलं. पाचला दहा मिनिटं कमी असताना हाक आली. परवाना मंजूर झाला होता, काकूंच्या नावावर. मी काकूंकडे वळण्याआधी कारकून म्हणाला, ‘जुना परवाना जमा करा, मावशी.’

काकांच्या नावाचा तो कागद घड्यांवर झिजला होता. काकूंनी तो खिडकीतून आत सरकवला, पण त्यावरची बोटं काही उचलेनात. ‘ह्यो माझ्याकडे ऱ्हवलो तर?’

‘नाही ठेवता येत, मावशी. रद्द होतो तो.’

मग त्यांनी वही पुढे केली. ‘पोच द्या. नाव लिहा त्यांचा. पुरा.’ कारकुनाने पूर्ण नाव लिहून दिलं.

आता काकू मुलुंडपर्यंत भाडी मारतात, सिग्नलला कुणाचं ऐकून घेत नाहीत. यंदा गणपतीत मोदक आले, वही आली नाही. विचारलं तर म्हणाल्या, ‘त्यांच्या नावाच्या पानाच्या फुडे आता कायेक लिवचा नाय.’ सही न करता मोदक खायची मला सवय नाही. तो बराच वेळ माझ्या हातात तसाच राहिला.