बाळंतिणींच्या वॉर्डचा चार्ज

सरकारी दवाखान्यात दुपारी ड्यूटी बदलते तेव्हा सकाळची सिस्टर घरी जायच्या घाईत असते आणि दुपारची धापा टाकत आलेली असते. बहुतेक ठिकाणी "विशेष काही नाही, बघून घे" एवढ्यावर काम भागतं. परंड्याच्या आमच्या दवाखान्यात बाळंतिणींच्या वॉर्डला ज्या इन्चार्ज होत्या, त्यांच्यापुढे हे चालत नसे. आम्ही त्यांना मोठ्या सिस्टर म्हणायचो. त्या प्रत्येक खाटेपाशी उभ्या राहायच्या आणि बाळंतिणीलाही ऐकू जाईल अशा आवाजात सांगायच्या, हिचं रक्त कमी आहे, हिच्या अंगावर जास्त जातंय, हिचं बाळ नीट ओढत नाही. समोरचीने चार्ज "घेतला" म्हटल्याशिवाय पुढच्या खाटेकडे सरकायच्या नाहीत. शेवटी औषधांच्या कपाटाची किल्ली हातात ठेवायच्या. मला या प्रकाराचा भारी कंटाळा यायचा. "प्रदक्षिणा घातल्याशिवाय सुटका न्हाय," असं मी मागून पुटपुटायची आणि त्यांना ते नेमकं ऐकू जायचं.

त्या कायम, मी कंत्राटी. पाळ्या त्याच, बाळंतपणं तीच, चुकलं तर बोलणीही तीच. पगाराचं मात्र विचारूच नका. अकरा महिने झाले की एका दिवसाचा ब्रेक देऊन पुन्हा नवी ऑर्डर हातात. शेवटी आम्ही काही कंत्राटी सिस्टरांनी मिळून संभाजीनगरच्या खंडपीठात याचिका टाकली, समान कामाला समान वेतन द्या म्हणून. त्यावर खात्याचं उत्तर आलं. कंत्राटी परिचारिका स्वतंत्रपणे वॉर्ड सांभाळत नाहीत, त्या कायम परिचारिकांना फक्त मदत करतात, असं त्यात लिहिलं होतं. वाचून माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. रात्रपाळीला आख्ख्या वॉर्डात मी एकटी असते, तेव्हा मी मदत करते तरी कुणाला?

काही दिवसांनी जिल्ह्याहून एक साहेब आले. खात्याच्या त्याच म्हणण्याला दुजोरा देणारा टाइप केलेला जबाब त्यांनी आणला होता. त्याखाली मोठ्या सिस्टरांची सही हवी होती. सही झाली असती तर आमची केस तिथंच आटोपली असती. नाही केली तर त्यांचं काय, हेही आम्हाला माहीत होतं. त्या निवृत्तीला आल्या होत्या, पेन्शनचे कागद याच साहेबांच्या कार्यालयातून पुढे जायचे होते आणि घरात मिळवतं दुसरं कुणी नव्हतं. त्या सही करणार हे मी मनाशी धरूनच चालले होते. त्यांच्या जागी मी असते तर मीही केली असती.

साहेब आले ते ड्यूटी बदलायच्या वेळेलाच.

"साहेब, जरा बसा. चार्ज द्यायचा राह्यलाय," मोठ्या सिस्टर म्हणाल्या आणि त्यांनी मला हाक मारली.

नेहमीसारखी प्रदक्षिणा सुरू झाली. पहिली खाट, दुसरी खाट. साहेब थोडा वेळ खुर्चीत बसले, मग कागद हातात घेऊन आमच्या मागं मागं येऊ लागले. कोपऱ्यातल्या पोरीला आदल्या रात्री झटके आले होते. तिचं सगळं मोठ्या सिस्टरांनी दोनदा सांगितलं. मी "घेतला" म्हटलं. कपाटाची किल्ली माझ्या हातात आली.

मग त्या साहेबांकडे वळल्या. "आता वॉर्ड हिचा. मी चालले घरला. सांजच्याला ह्या पोरीला कमीजास्त झालं, तर तुम्ही कुणाला धरताल?"

"जी ड्यूटीवर असेल तिलाच धरणार."

"मग हिला मदतनीस कसं म्हणायचं? मदतनीसाला कुणी चार्ज देत न्हाय, साहेब."

टाइप केलेला कागद त्यांनी परत दिला. स्वतःच्या हातानं दुसऱ्या कागदावर लिहिलं, की या वॉर्डचा चार्ज मी कंत्राटी परिचारिकांना देते आणि त्यांच्याकडून घेते, आमचं काम एकच आहे. सही केली, पिशवी उचलली आणि त्या गेल्या. मी किल्ली धरून नुसती बघत राहिले. एवढ्या साध्या चालीनं चालत जाणाऱ्या बाईत एवढी हिंमत असते, हे मला माहीतच नव्हतं. तेव्हापासून त्या प्रदक्षिणेला मी कधी नावं ठेवली नाहीत.

निवृत्तीला आलेल्या माणसाला सहसा कुणी हलवत नाही. त्यांना हलवलं. तात्पुरती सोय म्हणून थेट उमरग्याला, जिल्ह्याच्या एका टोकावरून दुसऱ्या टोकाला.

खंडपीठात आमच्या वकिलांनी त्यांचं लिहिलेलं वाचून दाखवलं. मी मागच्या बाकावर बसून शब्दन् शब्द ऐकला. निकाल आमच्या बाजूनं लागला.

निकालाची प्रत आणि पेढे घेऊन मी बार्शी, सोलापूर करत उमरग्याला पोचले. हायवेवर ट्रकांची रांग लागली होती. दवाखान्यात शिरले तर मोठ्या सिस्टर एका तरुण सिस्टरला चार्ज देत होत्या. मला त्यांनी हातानंच थांबवलं. खाटा संपल्या, किल्ली त्या पोरीच्या हातात गेली, तेव्हा कुठं त्यांनी चष्मा पुसून निकाल वाचायला घेतला. सावकाश, शेवटपर्यंत वाचला.

"ही बी कंत्राटीच हाय," त्या पोरीकडे बघत म्हणाल्या. "हिचं नाव हाय का ह्यात?"

नव्हतं. निकाल ज्यांनी याचिका टाकली त्यांच्यापुरताच होता.

"मग हिला त्या वकिलाचा नंबर दे. जबाब लिहून द्याया मी हाय की अजून."

"अहो सिस्टर, पुन्हा? आता कुठं टाकतील तुम्हाला?"

त्या हसल्या. "ह्याच्या फुडं कर्नाटक लागतंय. तिकडं त्यांची ऑर्डर चालत न्हाय."

मग त्यांनी पेढ्यांचा पुडा सोडला आणि पहिला पेढा त्या पोरीला दिला.