घाईचा सत्कार

आमचा पैलवान एका जागी बसून बुद्धिबळ खेळूच शकत नसे. चाल केली, घड्याळ दाबलं, की हा उठलाच. टेबलाला वळसा घालून समोरच्याच्या खुर्चीमागे जाऊन उभा राहायचा आणि मान वाकडी करून तिकडून पट बघायचा. नवख्या खेळाडूंची त्यामुळे त्रेधा उडायची. पाठीशी असा कोणी उभा म्हटल्यावर डोकं चालणार कसं? भिगवणला माझं ट्रॅक्टरच्या पार्टचं दुकान आहे. तिथे काउंटरवर आम्ही डाव मांडायचो, तेव्हासुद्धा हा फळी उचलून आत माझ्या गल्ल्यापाशी यायचा आणि म्हणायचा, "बापू, तुझ्याकडनं बगितलं की मी लई घाबरलेला दिसतोय रं." एवढं बोलून परत जागेवर जायचा आणि चार चालींत मला गार करायचा.

पैलवान हे नाव त्याला ढालीमुळे पडलं. अंगाने हा काडीच. शाळेत असताना त्याने तालुक्याची बुद्धिबळ स्पर्धा जिंकली, पण आयोजकांनी बारामतीतून आयत्या वेळी जी ढाल आणली तिच्यावर शड्डू ठोकणारा मल्ल होता. दुकानात तेवढीच शिल्लक होती म्हणे. ती ढाल छातीशी धरून हा आमच्या गावच्या, डाळजच्या फाट्यावर एसटीतून उतरला आणि गावाने त्याचं दुसरं बारसं केलं. पुढे त्याने भरपूर ढाली आणल्या, घोड्याच्या आणल्या, राजाच्या आणल्या, पण घरात दर्शनी जागा त्या मल्लाचीच राहिली.

कॉलेजात असताना आम्ही दोघं घरचा ऊस ट्रॅक्टरने कारखान्यावर घालायचो. यार्डात ट्रॉल्यांची ही भली मोठी रांग. नंबर लागेपर्यंत आठ-आठ तास काढायचे, तर आम्ही ट्रॅक्टरच्या बॉनेटवर पट मांडायचो. डाव रंगात आला की नेमकी रांग पुढे सरकायची. ट्रॅक्टर चालू केला की बॉनेट थरथरायचं आणि राजा, वजीर, प्यादी सगळे मातीत. मग पैलवान खाली बसून एकेक सोंगटी पुसायचा आणि होता तसा डाव परत मांडायचा. मेलेलं एखादं प्यादं गुपचूप जिवंत करायचा प्रयत्न मी पुष्कळदा केला. तो ते हळूच उचलून माझ्या खिशात टाकायचा आणि म्हणायचा, "ह्याची माती झाली बापू, आता पुढचं बघ."

पुढे मी दुकान टाकलं आणि त्याने खेळ धरला. बारामतीत मुलांचे क्लास घ्यायचा, सुट्ट्या पडल्या की बॅग उचलून स्पर्धेला. वहिनी, म्हणजे त्याची बायको, बारामतीतच नर्स. घर तिच्या पगारावर चालायचं आणि हे तो चारचौघांत मोकळेपणाने सांगायचा. समोर बारा-तेरा वर्षांची पोरं खेळायला बसायची, त्याला अंकल म्हणायची आणि हरवायची. चिडणं त्याला माहीत नव्हतं. हरला की त्या पोरालाच कॅन्टीनमध्ये घेऊन जायचा आणि विचारायचा, "तुला ती उंटाची चाल दिसली कधी रं?" परत आल्यावर मला तो अख्खा डाव दाखवायचा आणि पोराचं कौतुक करताना हातवारे करकरून काउंटरवरचे नटबोल्ट सांडायचा.

ग्रँडमास्टर व्हायला दोन गोष्टी लागतात. तीन मोठ्या स्पर्धांत ठरावीक दर्जाची कामगिरी करायची, तिला नॉर्म म्हणतात. आणि आपलं रेटिंग, म्हणजे जिंकलं-हरलं की वरखाली होणारे पॉइंट, एकदा तरी अडीच हजारांवर न्यायचं. हे मला आता पाठ आहे. तेव्हा फक्त पहिली गोष्ट माहीत होती, आणि तीही अर्धवट. पैलवान छत्तीस वर्षांचा असताना एका दुपारी सर्बियावरून त्याचा फोन आला. "बापू, तिसरा नॉर्म झाला!" पुढे तो काहीतरी सांगत होता, पण ऐकतो कोण? मी फोन ठेवला आणि फ्लेक्सवाल्याला लावला.

फ्लेक्स काय झाला होता! डाळजच्या फाट्यावर वीस बाय दहाचा. "आपल्या मातीतला पहिला ग्रँडमास्टर." खाली शुभेच्छुकांचे फोटो, त्यात माझा पैलवानापेक्षा थोडा मोठा आला होता, पण ती चूक छापणाऱ्याची. हलगीवाले आले, फेटेवाले आले, फुलांनी सजवलेली ट्रॉली आली, डाळजपासून कन्हेरीपर्यंतचे पाहुणे आले. पैलवान गाडीतून उतरला, त्याने मान वर करून फ्लेक्स वाचला आणि त्याचा चेहरा पडला. मला बाजूला ओढून म्हणाला, "आरं, मी अजून ग्रँडमास्टर न्हाय. तेरा पॉइंट कमी हायत. फोनवर तेच सांगत व्हतो की तुला!"

पाचशे माणूस समोर उभं. मी म्हटलं, "आता गप बस, कुणाला काय कळतंय?" पण हा गप बसणारा नव्हता. सरळ ट्रॉलीवर चढला आणि माइक घेतला.

"मंडळी, तुमचे लई उपकार हायत. पण मी अजून ग्रँडमास्टर झालेलो न्हाय. तेरा पॉइंट राह्यलेत."

हलगी थांबली. गर्दीत पुढे आबा होते. नव्वदीला टेकलेले, गावात त्यांच्या शब्दापुढे कोणी जात नाही. त्यांनी काठी वर केली. "किती लागत्यात?"

"अडीच हजार, आबा."

"आन् झालं किती?"

"चोवीसशे सत्त्याऐंशी."

"आरं मग चोवीसशे सत्त्याऐंशीचं वाजवा की! तेराचं मागनं वाजवू!"

आणि काय वाजली म्हणता हलगी! पैलवानाने फेटा मात्र बांधून घेतला नाही.

त्या दिवशी हसलो, पण नंतरचे महिने वाईट गेले. पैलवान भाजी आणायला गेला तरी लोक विचारायचे, "किती राह्यलं?" पुढच्या दोन स्पर्धांत तो सपाटून हरला आणि तेराचे एकोणतीस झाले. या वयात उतरायला लागलेलं रेटिंग सहसा परत चढत नाही, हे त्यानेच मला पूर्वी कधीतरी सांगितलं होतं. मला वाटायचं, मी मारला ह्याला. मनासारखा खेळत होता बिचारा, मी त्याच्या डोक्यावर सगळं गाव नेऊन बसवलं. फ्लेक्स मी स्वतः उतरवला आणि आबांना कडब्याच्या गंजीवर झाकायला देऊन टाकला. पैलवानाने गंजीवर स्वतःचं उलटं तोंड बघितलं आणि एवढंच म्हणाला, "चला, कडबा तरी भिजणार न्हाय."

पण त्याने खेळणं सोडलं नाही, उलट वाढवलं. क्लासवर बदली माणूस ठेवला, पहाटे उठून अभ्यासाला बसायला लागला. एकेक पॉइंट करत वर्षभराने चोवीसशे चौऱ्याण्णववर आला. दुबईच्या स्पर्धेत शेवटची फेरी उरली होती. समोर आर्मेनियाचा तगडा ग्रँडमास्टर. जिंकला तर सहा पॉइंट मिळणार आणि अडीच हजार पुरे. बरोबरी झाली तर नाही.

तो डाव आम्ही भिगवणला, हायवेकडच्या मच्छीच्या हॉटेलात मोठ्या टीव्हीवर लावला. पडद्याच्या कडेला एक उभी पट्टी असते. पांढऱ्या सोंगट्यांचं बरं चाललं की तिचा पांढरा भाग वर चढतो, काळ्यांचं बरं असलं की खाली उतरतो. पैलवान पांढऱ्याने खेळत होता. हॉटेलात बुद्धिबळ येणारा मी एकटा, पण पट्टी सगळ्यांना कळत होती. मासळीचे व्यापारी, ट्रक ड्रायव्हर, पहिल्या खुर्चीवर आबा. वहिनी रजा काढून आली होती, पण पडद्याकडे पाठ करून बसली होती. दर दोन मिनिटांनी विचारायची, "भावजी, पट्टी कुठं हाय?"

"मधीच हाय वहिनी. मधीच."

तीन तास पट्टी मधेच. मग दोघांनी त्याच त्या चाली परत करायला सुरुवात केली. तीच मांडणी तिसऱ्यांदा पटावर आली की बरोबरी, आणि दोनदा येऊन गेली होती. सुरक्षित चाल समोर होती. पैलवानाने ती सोडली आणि घोडा भलत्याच घरात घातला. पट्टी धाडकन खाली आली. "आरारारा!" अख्खं हॉटेल ओरडलं. एका ड्रायव्हरने विचारलं, "दादा, बरोबरी चालत न्हाय का?"

"न्हाय चालत!" मी एवढ्या जोरात ओरडलो की तो बिचारा ताट घेऊन मागे सरकला.

पण आर्मेनियावाल्याच्या घड्याळात आता दोनच मिनिटं होती आणि तो घोडा त्याच्या राजाच्या उरावर बसला होता. त्याने घाईघाईत हत्ती हलवला. पट्टीने अशी उडी मारली की वरच्या टोकाला जाऊन चिकटली. मी बाकावर चढलो. का चढलो, मला माहीत नाही. आणखी सहा चाली झाल्या आणि समोरच्याने हार मानून हात पुढे केला.

"झाला! वहिनी, झाला!"

वहिनी तेव्हा वळली आणि पडदा बघायचं सोडून पदरात तोंड घालून रडायला लागली. आबांनी काठी आपटली. "बगता काय? तेराचं वाजवा!" हलगी नव्हती, तर आचाऱ्याने पातेली वाजवली. कढईतले मासे जळून कोळसा झाले आणि मालकाने एका शब्दाने विचारलं नाही.

यंदा पैलवानाला चेन्नईत मोठ्या मुलांना शिकवायचं काम मिळालं. सोलापूरला जाऊन पुढची गाडी धरायची होती. भिगवण स्टेशनवर सोडायला मी एकटाच गेलो. सामान चढवलं, पैलवान आणि वहिनी खिडकीशी बसले. मनात साठलेलं आता बोललो नाही तर राहूनच जाईल, म्हणून मी म्हटलं, "पैलवान, त्या फ्लेक्सबद्दल माफ कर. मी घाई केली आन् वरीसभर तुझ्या जिवाला घोर लावला."

तो खिडकीच्या गजांपाशी सरकला. मग म्हणाला, "बापू, तुला एक सांगितलंच न्हाय. सर्बियावनं येताना इमानातच मी ठरवलं व्हतं, आता बास. छत्तीस वरसं झाली, तीन नॉर्म झाले, लई झालं. आल्या आल्या पयलं तुलाच सांगणार व्हतो. फाट्यावर उतरलो तर तुमी समदी हलगी घेऊन उभी. तवा कुठल्या तोंडानं सांगू, की मी खेळ सोडला म्हणून?"

गाडी हलली. वर्षभर मी ज्या गोष्टीपायी त्याच्यासमोर मान खाली घालत होतो, ती ही! मी डब्याबरोबर धावायला लागलो. पायात चपला, पोट सुटलेलं, लोक बघतायत, आणि मी ओरडतोय, "आरं गाढवा, आधी सांगायचं की! आधी सांगायचं की रं!" तो खिडकीतून हसत हात हलवत होता. प्लॅटफॉर्म संपला, तरी मी ओरडतच होतो.