ट्रे धरलेल्या बाई

ऐंशीच्या दशकात अमेरिकेत सांता क्लाराला शिकत असताना मी युनिव्हर्सिटीच्या फिल्म क्लबचा प्रोजेक्टर चालवायचो. एका रविवारी दुपारी जुना जपानी चित्रपट होता. दाराशी एक ठेंगण्या, वयस्क जपानी बाई थांबल्या. पोस्टरवर नायिकेच्या मागे ट्रे घेतलेली एक मोलकरीण अंधुक दिसत होती. तिच्यावर बोट ठेवून त्या म्हणाल्या, "ही मी." मला काही ते खरं वाटलं नाही. मी हसून तिकीट फाडलं.

अर्ध्या तासात आवाज बंद पडला. चित्र चालू, खालच्या इंग्रजी ओळी चालू, पण माणसं मुकी. भारतातून आणलेली इंजिनिअरिंगची डिग्री खिशात असून मला बिघाड सापडेना. तेवढ्यात पहिल्या रांगेत बाई उभ्या राहिल्या आणि जपानीत बोलू लागल्या. नायिकेचं, नायकाचं, तिच्या खडूस बापाचं, सगळं पडद्यावरच्या ओठांबरोबर. बापाचा खोकलासुद्धा सोडला नाही. मी वायरी सोडून ऐकत बसलो.

रीळ बदलताना मी विचारलं, "इतकं सगळं पाठ कसं?"

"नायिकेला फक्त स्वतःचे संवाद यायचे," त्या म्हणाल्या. "मी दिवसभर कोपऱ्यात उभी. मला सगळ्यांचे यायचे."

पुढच्या रिळात मोलकरीण आली, चहा ठेवून, वाकून निघून गेली. तिला एकही वाक्य नव्हतं. फक्त बाईंचे दोन्ही हात ट्रे धरल्यासारखे पुढे आले.

सगळा हॉल बाईंकडे वळून, उभा राहून टाळ्या वाजवत होता. पडद्यावर नायिका रडायला लागली होती. तिच्याकडे कुणी बघतसुद्धा नव्हतं.